एकाच नावाच्या अनेक फायली

पलीकडच्या यंत्रानं कनेक्शन नाकारलं की विंडोजमधले कित्येक प्रोग्राम एक आकडा तोंडावर फेकतात: १००६१. बर्कली युनिक्समध्ये याच चुकीचा क्रमांक होता ६१. विंडोजकरता त्यात दहा हजार मिळवले, बाकी काही नाही. वाट पाहून वेळ संपली तर तिथं ६०, इथं १००६०. विंडोजमधल्या प्रोग्रामांना इंटरनेटशी बोलू देणाऱ्या विनसॉकचं माहेर या साध्या बेरजेवरून कळतं.

माहेर म्हणजे १९८३ची बर्कली युनिक्सची ४.२ आवृत्ती. फाइल उघडावी, वाचावी, लिहावी, बंद करावी, तितक्याच सहजपणे दूरच्या यंत्राशी बोलता यावं यासाठी तिथं ‘सॉकेट’ आलं. युनिक्सवाल्यांची सोय झाली. विंडोज ३.१ मात्र इंटरनेटच्या बाबतीत मुकंच होतं. इंटरनेटची बोली असलेलं टीसीपी/आयपी त्यात नव्हतंच. ते वेगवेगळ्या कंपन्या विकत आणि प्रत्येकीची लायब्ररी निराळी. एकीसाठी लिहिलेला ईमेलचा प्रोग्राम दुसरीवर चालत नसे.

ऑक्टोबर १९९१मध्ये इंटरॉप या प्रदर्शनात जेएसबी कंपनीच्या मार्टिन हॉल यांनी यावर चर्चा घडवून आणली. पुढच्या कामात सन आणि मायक्रोसॉफ्टची माणसंही होती. जून १९९२मध्ये १.० आवृत्ती आली आणि जानेवारी १९९३मध्ये १.१. ठरलं ते एवढंच: फंक्शनांची नावं कोणती, ती वागणार कशी, आणि फाइलचं नाव काय. नाव सगळ्यांचं एकच, विनसॉक डॉट डीएलएल. आतलं पोट ज्याचं त्यानं भरायचं. स्पर्धकांनी आपलं नाव पुसून एकच पाटी लावायला तयार व्हावं, याचं मला आजही नवल वाटतं.

एक अडचण खास विंडोजची होती. ३.१मध्ये प्रोग्राम आळीपाळीनं, एकमेकांच्या भिडेखातर चालत. एक जण उत्तराची वाट पाहत अडून बसला की सगळी पंगत खोळंबे. म्हणून नवी फंक्शनं घातली: तू आपलं काम कर, उत्तर आलं की तुझ्या खिडकीला निरोप मिळेल.

विनसॉकच्या त्या पाटीखाली सर्वांत गाजलेली फाइल टास्मानियातून आली. होबार्टच्या विद्यापीठात मानसशास्त्र विभागात प्रोग्रामर असलेल्या पीटर टॅटम यांनी ट्रम्पेट विनसॉक लिहिली. शेअरवेअर होती, वापरून पाहा, पटली तर २५ डॉलर पाठवा. मोडेम असलेल्या असंख्य लोकांनी पहिलं वेबपान तिच्याच आधारानं पाहिलं आणि बहुतेकांनी दमडीही पाठवली नाही. ऑझईमेल या ऑस्ट्रेलियन कंपनीनं तर ती मासिकांसोबतच्या फ्लॉपीवर परवानगीशिवाय वाटली. प्रकरण न्यायालयात गेलं आणि १९९६मध्ये निकाल टॅटम यांच्या कंपनीच्या बाजूनं लागला. तोवर विंडोज ९५मध्ये ही सोय आपसूक येऊ लागली होती. निकाल मिळाला, बाजार गेला.

आपल्याकडे विदेश संचार निगमानं १५ ऑगस्ट १९९५ला इंटरनेट खुलं केलं, तेव्हा मुंबईतल्या ग्राहकांचे दोन वर्ग पडले. स्वस्त शेल अकाउंटवाल्याचा कॉम्प्युटर नुसता टर्मिनल असे. खरा संवाद निगमाच्या यंत्रावर चाले, घरी फक्त अक्षरं येत. विनसॉकची गरजच नव्हती. चित्रांसकट वेब पाहायचं तर महागडं टीसीपी/आयपी अकाउंट हवं, आणि मग ही फाइल हवीच.

सारख्या नावाचा जाचही होताच. डिस्कवर दोन कंपन्यांच्या दोन विनसॉक असल्या तर आधी मेमरीत चढलेलीच सगळ्यांच्या वाट्याला येई. डायलर एकीचा, फाइल दुसरीची. मग मोडेम जोडलेला असूनही ब्राउझर ढिम्म. उपाय एकच, जास्तीच्या फाइलचं नाव बदलायचं.

३२ बिटी विंडोजमध्ये फाइलचं नाव झालं डब्ल्यूसॉक३२, आणि विनसॉकच्या दुसऱ्या आवृत्तीसोबत आली डब्ल्यूएस२_३२. खरं काम आता तीच पाहते. जुनी मात्र काढलेली नाही. आलेली बहुतेक कामं ती मुकाट्यानं नवीकडे सोपवते. प्रत्येक प्रोग्रामनं सुरुवातीलाच आपल्याला कोणती आवृत्ती हवी ते सांगायचं असतं. विंडोज ९५साठी बांधलेला प्रोग्राम आज विंडोज ११वर उघडला तर तो १.१ मागतो, आणि त्याला १.१ मिळतं.