कल्पित विद्या (भाग ६) : फेआनोरचा ध्वनितक्ता

मागच्या आठवड्यात अर्सुला ल ग्विन यांच्या अर्थसीमधली नामविद्या आपण पाहिली. तिथे वस्तूचं खरं नाव ठाऊक असलं की तिच्यावर हुकमत चालते. आजची विद्या त्याच्याही मुळाशी जाते. नाव ज्या ध्वनींनी बनतं, त्या ध्वनींची प्रतवारी लावणारी ही विद्या टोल्कीन यांच्या मध्य-पृथ्वीवरची, आणि तिचा मोठा आचार्य फेआनोर.

सिल्मारिल रत्नं घडवणारा आणि पुढे त्यांच्या हव्यासापायी स्वतःच्या कुळाला रक्तपातात लोटणारा, हाच तो. ती गोष्ट वाचकांना पाठ असते. पण त्यानेच अक्षरं नव्याने बांधली, हे कळायला 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज'च्या तिसऱ्या खंडाची (१९५५) अगदी शेवटची पानं उलटावी लागतात. तिथल्या 'परिशिष्ट ई'मध्ये ही मांडणी आहे. कादंबरी संपली म्हणून पुस्तक मिटणारे या पानांना मुकतात. टोल्कीन ऑक्सफर्डला प्राध्यापक होते आणि त्याआधी तिथल्या थोरल्या इंग्रजी शब्दकोशाच्या कचेरीत शब्दांच्या व्युत्पत्त्या लावत होते, हे लक्षात घेतलं की परिशिष्टातला नेमकेपणा कुठून आला ते समजतं.

फेआनोरच्या आधी रूमिल नावाच्या पंडिताने अक्षरं केली होती. फेआनोरची 'तेंग्वार' अक्षरं बहुतांशी नवी. मूळ अक्षरं २४, चार उभ्या रकान्यांत आणि सहा आडव्या ओळींत बसवलेली. रकाना सांगतो की ध्वनी तोंडात कुठे घडतो. पहिला दंत्य, दुसरा ओष्ठ्य; तिसरा-चौथा ज्या त्या भाषेच्या गरजेप्रमाणे. ओळ सांगते की तो कसा घडतो. हवा पुरती अडवून, की फटीतून घासत, की नाकावाटे. कचटतप घोकून मोठ्या झालेल्या आपल्याला यात नवल वाटायचं कारण नाही. आपल्याकडे आडवं ते उभं आणि उभं ते आडवं, एवढाच फरक म्हणायचा.

पण खरा फरक पुढे आहे. आपली वर्णमाला तक्त्यात चोख बसते, अक्षरांच्या आकारात मात्र तो तक्ता दिसत नाही. 'त' आणि 'द' एकाच वर्गातले, हे पाठ केल्याशिवाय नुसत्या नजरेला कळायचं नाही. फेआनोरने आकारालाच बोलतं केलं. प्रत्येक मूळ अक्षराला एक दांडा आणि एक वाटोळं पोट. 'त'चा दांडा ओळीखाली उतरतो, पोट उजवीकडे आणि उघडं. ते आडव्या रेघेने बंद केलं की 'प'. पोट दुहेरी केलं की ध्वनी घोष होतो, म्हणजे 'त'चा 'द' आणि 'प'चा 'ब'. दांडा खाली न नेता वर उचलला की अडवलेली हवा सुटते आणि 'प'च्या जागी 'फॅन'मधला 'फ' येतो. दांडा आखूड आणि पोट दुहेरी, की अनुनासिक. नियम चार-पाचच. आपल्या जगात याच्या जवळ जाते ती कोरियाची, राजा सेजोंगने १४४६मध्ये जाहीर केलेली हंगुल लिपी. तिथेही एक रेघ वाढवली की अल्पप्राणाचा महाप्राण होतो.

इतकी नेटकी मांडणी बसून आखायला कुणालाही जमेल. मला टोल्कीन मोठे वाटतात ते त्यांनी ती वापरात आणून विस्कटू दिली म्हणून. फेआनोरच्या लोकांच्या क्वेन्या भाषेत सुटा 'द' किंवा 'ब' सहसा येतच नाही, तर 'न्द', 'म्ब' असे जोडध्वनी येतात. मग दुसरी ओळ त्या भाषेने जोडध्वनींना देऊन टाकली. एकच अक्षर, एका भाषेत 'द', दुसरीत 'न्द'. तक्त्यातली घरं पक्की, राहणारे बदलते.

त्याहून मासलेवाईक प्रकरण तिसऱ्या ओळीतल्या पहिल्या अक्षराचं. त्याचं नाव 'थूले'. यातला 'थ' आपला नव्हे, इंग्रजी 'थिंक'मधला, जीभ दाताला लावून हवा घासणारा. फेआनोरच्या नोल्दोर लोकांत हा ध्वनी झिजून 'स' होऊ लागला आणि अक्षराचं नावही 'सूले' झालं. फेआनोरच्या आईचं, मीरिएलचं, दुसरं नाव 'थेरिंदे'. आपलं नाव नीट उच्चारलं जावं ही तिची इच्छा होती. ती गेल्यावर बापाने दुसरं लग्न केलं. सावत्र आई इंदिसच्या माहेरचे लोक 'थ' राखून होते, तरी नोल्दोरांत आल्यावर तिने 'स' धरला. फेआनोरने तो आईचा अपमान मानला. ध्वनिशास्त्राच्या वादात घराण्याची भाऊबंदकी शिरली. हे सारं टोल्कीन यांच्या पश्चात, १९९६मध्ये त्यांचा मुलगा क्रिस्टोफर यांनी छापलेल्या एका दीर्घ टिपणात आहे. उच्चार बदलतात ते जिभेच्या सोयीने, पण त्यावरून डोकी फुटतात ती मानापमानाने, हे भाषेच्या अभ्यासकाला कुणी वेगळं सांगायला नको. कल्पित जगातली एखादी विद्या खरी वाटते ती अशा भांडणांमुळे, नुसत्या तक्त्यांमुळे नव्हे.

आता मराठीपुरतं. महाप्राणाची सोय फेआनोरच्या मूळ पद्धतीत आहे. दांडा वर आणि खाली, दोन्हीकडे वाढवायचा, म्हणजे 'ख', 'थ', 'फ' बसले. 'चार' आणि 'चमचा' यांतले दोन वेगळे 'च' आपण एकाच अक्षरात भागवतो. त्याच्याकडे तालव्य छटेसाठी अक्षराखाली दोन ठिपके द्यायची युक्ती आहे. स्वर अक्षराच्या डोक्यावर खुणेने देतात, म्हणजे मात्राच. अडचण येते ती टवर्गाची. मूर्धन्य ध्वनींसाठी त्या तक्त्यात रकानाच नाही.

पुढच्या आठवड्यात दाएरोनची दगडा-लाकडावर कोरायची अक्षरं पाहू. तोवर परिशिष्ट उघडून 'मराठी' हा शब्द तेंग्वारमध्ये लिहून पाहा, आणि 'ठ'साठी कोणता रकाना जोडाल ते ठरवा.