विळ्यासारखी पेशी दिसते कशी?

भंडारा जिल्ह्यात आपल्या समाजात सिकलसेल आढळतो. म्हणून कारध्याच्या विद्यार्थ्यांना आम्ही सूक्ष्मदर्शक समजावून सांगतो. साध्या सूक्ष्मदर्शकात काचेची भिंगे उजेड वाकवून रक्ताची पेशी हजारपटीपर्यंत मोठी दाखवतात. निरोगी तांबडी पेशी गोल, आजारी पेशी विळ्यासारखी दिसते.

सुमारे २०० नॅनोमीटरहून बारीक तपशील मात्र उजेडात दिसत नाही. तिथे इलेक्ट्रॉनांचा झोत आणि चुंबकीय भिंगे लागतात. पुण्याच्या राष्ट्रीय विषाणू विज्ञान संस्थेने २०२० मध्ये कोरोना विषाणू असाच टिपला.

सिकलसेल वाहकाची पेशी मात्र साध्या सूक्ष्मदर्शकात बहुधा गोलच दिसते. म्हणून लग्नाआधी दोघांनीही रक्ताची इलेक्ट्रोफोरेसिस तपासणी करून घ्यावी. दोघेही वाहक असतील, तर प्रत्येक बाळाला आजाराचा धोका २५ टक्के असतो.