डेरेक जार्मन: पैसे नसताना इतिहास कसा शूट करायचा?

ऐतिहासिक सिनेमा म्हटलं की महाल, घोडे आणि भरपूर पैसा लागतो, असं आपण धरूनच चालतो. मग ज्याच्याकडे यातलं काहीच नाही, त्याने काय करायचं? ब्रिटिश दिग्दर्शक डेरेक जार्मनकडे याचं भारी उत्तर आहे.

जार्मन मूळचा चित्रकार. सिनेमात आला सेट डिझायनर म्हणून; केन रसेलच्या 'द डेव्हिल्स'चे (१९७१) सेट त्याचेच. पुढे त्याला इटालियन चित्रकार कॅरावाज्जोवर फिल्म करायची होती. पैसे जमवण्यात कित्येक वर्षं गेली. मिळाले तेही इतके कमी, की इटली राहिली बाजूला आणि शूटिंग झालं लंडनच्या एका गोदामात.

आता जुनं रोम उभं कसं करणार? तर, करायचंच नाही! कॅरावाज्जोच्या चित्रांत एका बाजूने उजेडाचा झोत येतो आणि बाकी सगळा अंधार. जार्मनने तोच उजेड वापरला. जी भिंत अंधारात आहे, ती बांधावीच लागत नाही ना!

'कॅरावाज्जो'मध्ये (१९८६) चारशे वर्षांपूर्वीचा सावकार खिशातला कॅल्क्युलेटर दाबतो, टीकाकार बाथटबमध्ये बसून टाइपरायटर बडवतो. हे मुद्दाम केलंय. कॅरावाज्जोनेही बायबलमधल्या माणसांना स्वतःच्या काळातले कपडे चढवले होतेच की.

कारण जार्मनसाठी इतिहास म्हणजे आजचंच भांडण. तो स्वतः समलिंगी होता. १९८८ मध्ये ब्रिटनमध्ये समलैंगिकतेचा 'प्रचार' करायला स्थानिक संस्थांना बंदी घालणारा कायदा आला. त्यानंतर त्याने 'एडवर्ड सेकंड' (१९९१) केला. गोष्ट चौदाव्या शतकातल्या राजाची, पण पडद्यावर सुटाबुटातले लोक आणि हक्कांसाठी रस्त्यावर उतरलेले आंदोलक.

तोवर त्याला एचआयव्ही असल्याचं कळलं होतं, आणि त्याने ते जाहीरपणे सांगितलंही होतं. एड्समुळे दृष्टी जात होती. तेव्हा आला 'ब्लू' (१९९३). ७९ मिनिटं पडद्यावर फक्त निळा रंग. बाकी सगळं कानांवर: आवाज, संगीत, हॉस्पिटलमधले दिवस, गेलेले मित्र. ब्रिटनमध्ये तो चॅनल फोर आणि बीबीसी रेडिओ थ्रीवर एकाच वेळी लागला. काही महिन्यांत, फेब्रुवारी १९९४ मध्ये, जार्मन गेला.

सुरुवात 'कॅरावाज्जो'पासून करा. त्यातच टिल्डा स्विंटन पहिल्यांदा मोठ्या पडद्यावर दिसली. नंतर 'ब्लू'. आपण पॉडकास्टवाली माणसं, तेव्हा तो हेडफोन लावूनच ऐका. आणि हो, स्क्रीन बंद करू नका. तो निळा रंग समोर असू द्या.