काळ्या झाकणाची नळी

सकाळचे साडेआठ. ऑक्टोबरचं ऊन आत्ताच पत्र्यावर तापायला लागलंय. तालुक्याच्या गावातल्या पॅथॉलॉजी लॅबमधले बाक भरलेत, रांग जिन्यापर्यंत गेलीय. बहुतेक जण उपाशीपोटी. स्पिरिटचा वास, कुठल्याशा लेकराचं रडणं, आतून हाक, "सतरा नंबर!"

एक मावशी उठतात. बोटांचे सांधे टम्म सुजलेले. दंडाला पट्टा बांधत लॅबमधली मुलगी म्हणते, "मावशी, मूठ वळा." मूठ वळत नाही. सकाळी तास-दीड तास बोटं धरलेली असतात, त्या सांगतात. "होते तेवढी वळा." सुई जाते. लाल झाकणाची नळी सीआरपी या दाह दाखवणाऱ्या प्रथिनासाठी, जांभळी रक्तपेशी मोजणाऱ्या सीबीसीची, काळी ईएसआरची. काळीत आधीच सायट्रेट असतं. ती हलक्या हातानं उलटसुलट केली जाते, म्हणजे रक्त गोठत नाही.

आतल्या खोलीत एसी आहे. खोली तापली तर ईएसआरचा आकडा फुगतो. स्टँड तिरका असला तरी फुगतो. बारीक काचेच्या नळ्या ताठ उभ्या आहेत, अंगावर २०० मिलिमीटरपर्यंत खुणा. वर पिवळसर पट्टी हळूहळू वाढतेय, तांबड्या पेशी खाली बसतायत. अंगात दाह असला की रक्तात फायब्रिनोजेन वाढतं, पेशी नाण्यांच्या चळतीसारख्या एकमेकींना चिकटतात आणि भरभर खाली जातात. तासाभरात किती मिलिमीटर, तोच ईएसआर. वेस्टरग्रेन या स्वीडिश डॉक्टरांनी १९२१ मध्ये मांडलेली ही पद्धत अजून चालते.

बारा वाजता रिपोर्टच्या खिडकीशी गर्दी. मावशींचा ईएसआर ६२, सीआरपी ३१, हिमोग्लोबिन ८.४. "म्हणजे संधिवातच ना?" रक्त कमी असलं तरी ईएसआर चढतो, वयानंही चढतो. सीआरपीही वर आहे, म्हणजे दाह आहे खरा. पण तो कुठे आणि कशानं, हे या कागदावर नाही. ते डॉक्टर बोटं दाबून, आणखी तपासण्या करून ठरवतील. शेजारच्या गरोदर बाईंचा ईएसआर ४०. त्या दिवसांत तो वाढतोच.

तापलेल्या मुलाला कडेवर घेऊन एक बाप उभा आहे. परवाचा दुसऱ्या लॅबचा सीआरपी १८, आजचा २.४. "उतरला!" त्याचा चेहरा खुलतो. खिडकीतली मुलगी आकड्यापुढच्या बारीक अक्षरांवर बोट ठेवते. परवाचा मिलिग्रॅम प्रति लिटर, आजचा प्रति डेसिलिटर. म्हणजे आजचे २४. वाढलाय. यकृतात तयार होणारं हे प्रथिन काही तासांत चढू लागतं आणि कारण आटोक्यात आलं की साधारण १९ तासांत निम्मं होतं. ईएसआर उतरायला आठवडे घेतो. म्हणून दोन दिवसांची तुलना सीआरपीचीच करायची, पण एकच एकक धरून. "आत्ताच डॉक्टरांना दाखवा," ती म्हणते. तो धावतच जिना उतरतो.

समोरच मेडिकलचं दुकान आहे. आकडा दाखवून तिथून परस्पर अँटिबायोटिक घेऊ नका. सीआरपी जंतूंमुळे वाढतो, तसा संधिवातानं आणि मार लागल्यावरही वाढतो. जुना रिपोर्ट सोबत ठेवा, एकक वाचा आणि कागदासोबत रुग्णालाही डॉक्टरांकडे न्या.