हँडल फिरवणारा हात : त्र्यंबक तेलंग

आपल्या सूर्यमाळ-मोखाड्याच्या मुलखाला त्र्यंबकेश्वर काही नवे नाही. पौषातली निवृत्तिनाथांची यात्रा सगळ्यांना ठाऊक आहे. दादासाहेब फाळके यांचा जन्म त्याच त्र्यंबकेश्वरी १८७० साली झाला, हेही शाळेतली मुले सांगतील. पण त्यांच्या 'राजा हरिश्चंद्र' या चित्रपटाचे छायाचित्रण कोणी केले, असे विचारले तर बहुतेक जण गप्प बसतील. ते केले त्र्यंबक तेलंग यांनी. तेही त्र्यंबकेश्वरचेच, आणि व्यवसायाने पुरोहित!

पुरोहिताच्या हाती कॅमेरा कसा आला? फाळके यांनी त्यांना आधी साधी छायाचित्रे काढायला शिकवले होते. १९१२ साली फाळके लंडनला गेले आणि विल्यमसन कंपनीचा चलच्चित्रांचा कॅमेरा घेऊन आले. तो चालवायला शिकलेला माणूस इथे मिळायचा कुठून? ही विद्या शिकवणारी शाळाच नव्हती. तेव्हा त्यांनी ओळखीच्या, विश्वासाच्या माणसाला तयार केले.

आता हे काम कसले ते पाहू. त्या कॅमेऱ्याला वीज नव्हती, मोटर नव्हती. बाजूला एक हँडल असे, ते हाताने फिरवायचे. एका फेऱ्यात साधारण आठ चित्रे उमटत, म्हणजे सेकंदाला सुमारे दोन फेरे हवेत. घरात बाई जात्यावर नागली दळते तेव्हा हात एका लयीत फिरतो, म्हणून पीठ सारखे पडते. इथेही तसेच. हात मंदावला, तर पडद्यावरची माणसे धावत सुटतात. हात घाईने फिरला, तर तीच माणसे रेंगाळतात. समोर राजा रडो की अग्नी पेटो, फिरवणाऱ्याने आपली लय सोडायची नाही.

प्रकाश सूर्याचाच. ढग आला की काम थांबे. घरातले प्रसंगसुद्धा दादरला उघड्यावर उभारलेल्या देखाव्यांत उन्हात घेतले. आणि काय उमटले ते त्या क्षणी दिसत नसे. रात्री अंधाऱ्या खोलीत फिल्म रसायनात धुतली म्हणजे कळे. या कामी सरस्वतीबाई फाळके यांचाही हात होता. त्यांचे दागिने या धंद्यासाठी गहाण पडले होते. तेव्हा तेलंगांचा हात चुकला असता, तर नुसती फिल्म नव्हे, एका घराची पुंजी वाया गेली असती.

सुमारे सात महिन्यांनी ३,७०० फुटांचा चित्रपट तयार झाला. एका फुटात सोळा चित्रे, या हिशेबाने जवळजवळ ५९ हजार चित्रे झाली! ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशन चित्रपटगृहात तो लोकांनी पाहिला. पुढे 'मोहिनी भस्मासुर' (१९१३) आणि 'लंका दहन' (१९१७) यांचे छायाचित्रणही तेलंगांनीच केले.

त्या चार रिळांपैकी पहिले व शेवटचे एवढीच पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात जतन झाली. फाळके यांनी १९१७ साली हीच कथा पुन्हा चित्रित केली होती, म्हणून ही रिळे पहिल्या चित्रपटाची की दुसऱ्या, यावर अभ्यासकांचे एकमत नाही. फिल्म जपली नाही तर ती नासते, आणि तिच्याबरोबर करणाऱ्याचे नावही पुसले जाते.

गुरुजींना एक सुचवावेसे वाटते. भर उन्हाच्या वेळी वर्गाची दारे-खिडक्या बंद करून खोलीत पुरता अंधार करा. दारावर जाड कागद लावून त्याला पेन्सिलीएवढे भोक पाडा आणि समोर एक पांढरे धोतर धरा. बाहेरचे झाड त्या धोतरावर उलटे उमटेल. मुलांना सांगा, कॅमेऱ्याच्या पोटात हेच घडते. आणि मग तेलंगांचे नाव सांगा. कुठल्याही शाळेत न शिकवलेली विद्या आपल्या शेजारच्या गावच्या माणसाने हाताने आत्मसात केली, ती मुलांनाही परकी वाटणार नाही.