शब्द नसलेली धून काय सांगते?

आज एक साधा वाटणारा प्रश्न घेऊ. ज्या संगीतात शब्दच नाहीत ते आपल्याला काहीतरी 'सांगतं' असं आपण म्हणतो. ते कुठून सांगतं? सुरांतून, की आपल्याच मनातून? सौंदर्यशास्त्रात बीथोव्हनच्या खाली उतरायचं नाही असा काहींचा नेम असतो. तो मोडून मी उदाहरण घेणार आहे टीव्हीसाठी बनवलेल्या एका जॅझ धुनेचं.

१९८० सालचं हिवाळी ऑलिंपिक अमेरिकेत, न्यूयॉर्क राज्यातल्या लेक प्लॅसिड या डोंगरी गावात भरलं. प्रक्षेपण एबीसी वाहिनीकडे होतं. त्यासाठी चक मँजिओनी यांनी 'गिव्ह इट ऑल यू गॉट' ही धून रचली. मँजिओनी त्याच राज्यातल्या रॉचेस्टरचे. तरुणपणी आर्ट ब्लेकींच्या जॅझ मेसेंजर्समध्ये वाजवलेले, २०२५च्या जुलैत गेले. ही धून बिलबोर्डच्या यादीत १८व्या क्रमांकापर्यंत चढली. बिनशब्दांच्या संगीताला हे फार क्वचित जमतं.

आता वाद्याकडे बघा, कारण खरी गोष्ट तिथे आहे. मँजिओनींच्या हातात असे ते फ्लुगलहॉर्न. आपल्या लग्नाच्या बँडमधला ट्रम्पेट तुम्ही ऐकलेला असतो. त्याची नळी बरीचशी एकसारख्या रुंदीची असते, म्हणून आवाज लखलखीत, टोकदार येतो. फ्लुगलहॉर्नची नळी पुढे पुढे रुंदावत जाते, आणि आवाज गोल, जरा मऊ होतो. एबीसीवर त्याआधीपासून ऑलिंपिकची ओळख झालेली होती ती लिओ आर्नो यांच्या 'बगलर्स ड्रीम'ची. तिच्यात नगारे आणि पितळी वाद्यं गर्जतात, जणू विजेता दरवाज्यातून आत येतोय. फ्लुगलहॉर्नला अशी ललकारी देता येत नाही असं नाही, पण तो त्याचा स्वभाव नव्हे.

(आपल्याकडे १९८२च्या दिल्ली एशियाडसाठी पं. रविशंकरांनी स्वागतगीत बांधलं. त्याला पं. नरेंद्र शर्मांचे शब्द होते, म्हणून अर्थाचा प्रश्न सोपा होता. इथे तसं नाही.)

एडुआर्ड हान्सलिक नावाचा व्हिएन्नाचा समीक्षक १८५४ साली म्हणाला की संगीतात ठरावीक भावना नसतेच. असतात ते हलणारे नादाकार. त्याचा पुरावा मोठा मासलेवाईक आहे. ग्लुकच्या ऑपेरात ऑर्फियस पत्नी गमावल्याचा शोक गातो. हान्सलिक म्हणतो, त्याच चालीवर ती सापडल्याचे शब्द बसवा, काही बिघडणार नाही! मग खेळाच्या धुनेतही जिद्द वगैरे काही नसणार. आपण टीव्हीवर बर्फावरून झेपावणारा माणूस बघतो, कानावर धून पडते, आणि दोघांची गाठ मारतो. झालं.

हान्सलिक निम्मा बरोबर आहे असं मला वाटतं. राहिलेल्या निम्म्याचं उत्तर मँजिओनींनीच देऊन ठेवलंय, बहुधा गमतीत. 'फन अँड गेम्स' या त्यांच्या अल्बमवर ही धून दोनदा आहे. दुसऱ्या वेळी नावाला शेपूट जोडलंय : 'बट स्लोली', म्हणजे 'पण सावकाश'. रचना तीच, चाल संथ. दोन्ही लागोपाठ ऐका. पहिल्यात पाय आपोआप ताल धरतो. दुसरी ऐकताना समोर कुठलंही चित्र नाही, स्पर्धा नाही, तरी ती धावणाऱ्याची वाटत नाही. धावून झाल्यावर बसलेल्या माणसाची वाटते. हा फरक टीव्हीने घातलेला नाही. लय आणि वाद्याचा पोत सगळा अर्थ देत नाहीत हे कबूल, पण कुठले अर्थ बसतील आणि कुठले घसरून पडतील, हे तेच ठरवतात.

इथे नावही महत्त्वाचं. त्याचा मराठीत अर्थ 'असेल नसेल ते सगळं ओत'. यात जिंकण्याचा उल्लेखच नाही! लेक प्लॅसिडला ३७ देशांतले हजारावर खेळाडू आले होते, स्पर्धा होत्या ३८. एरिक हायडेन या अमेरिकी पठ्ठ्याने पुरुषांच्या वेगवान स्केटिंगमधली पाचही सुवर्णपदकं एकट्याने नेली. म्हणजे त्या खेळातल्या बाकी साऱ्या पुरुषांना सुवर्ण मिळालंच नाही. स्पर्धेची धून जर विजयाचीच असेल, तर ती या मंडळींच्या वेळी खोटी पडते. ओतण्याची धून हायडेनलाही लागू पडते आणि शेवटून पहिला आलेल्यालाही.

आणि धून रचली गेली तेव्हा निकाल कुणालाच माहीत नव्हते. २२ फेब्रुवारीला अमेरिकेच्या कॉलेजवयीन पोरांनी बलाढ्य सोव्हिएत संघाला आइस हॉकीत ४-३ असं हरवलं. त्याची स्वप्नातही कल्पना नसताना हे सूर कागदावर उतरले होते. २४ तारखेला समारोप झाला. त्या समारंभात मँजिओनींनी तीच धून प्रत्यक्ष वाजवली. समोर जिंकलेले होते, हरलेले होते, आणि धून दोघांनाही चालण्यासारखी होती.