डोडोच्या बेटावरील ससाणा

अपरिचितावर विश्वास टाकणें हा गुण कीं दोष, याविषयीं मतभेद असूं शकेल. परंतु मॉरिशस बेटावरील डोडो पक्ष्यास तो विश्वास प्राणघातक ठरला, यांत शंका नाहीं. जेथें हिंस्र चतुष्पाद कधीं नव्हतेच, तेथल्या पक्ष्याला भय कोणी शिकवावें? उडण्याचेंही त्यास प्रयोजन उरलें नव्हतें. १५९८ सालीं डच लोक तेथें उतरले. पुढें मनुष्याच्या संगतीनें आलेल्या उंदीर, डुकरें व माकडें यांस जमिनीवरील अंडीं अनायासें सांपडलीं. डोडो दिसल्याची १६६२ सालची नोंद बहुतेक विद्वान शेवटची मानतात.

कोंकणांतून गेलेल्या मराठी कुटुंबांचे वंशज आजही या बेटावर नांदत आहेत. म्हणून तेथील हानि आम्हांस सर्वस्वी परकी वाटत नाहीं.

डोडोमागोमाग तेथील लहानसा ससाणाही जाणार, असा रंग दिसत होता. उंसाच्या मळ्यांसाठीं अरण्यें तुटलीं. हिंवतापाच्या डासांवर फवारलेलें डी.डी.टी. भक्ष्यावाटें त्याच्या अंगीं भिनलें. १९७४ सालीं रानांत अवघे चार ससाणे उरल्याचें ठाऊक होतें.

१९७९ सालीं कार्ल जोन्स हे वेल्सचे तरुण पक्षितज्ज्ञ तेथें गेले. पहिलीं अंडीं काढून घेतलीं असतां मादी पुन्हां अंडीं घालते. या निसर्गाच्या औदार्याचा त्यांनीं उपयोग केला. काढलेलीं अंडीं यंत्राच्या उबेंत उबवावीं, पिलांस हातानें भरवावें व वाढल्यावर रानांत सोडावें. रानांतील जोड्यांस जास्तीचें खाद्य द्यावें, घरट्यांसाठीं पेट्या टांगाव्या, मुंगसें पकडावीं, असा क्रम वर्षानुवर्षें चालला. चारांचे शेंकडों झाले. १९९४ सालीं निसर्गसंरक्षणाच्या आंतरराष्ट्रीय संघानें या ससाण्यास अधिक सुरक्षित वर्गांत घातलें.

कथा येथेंच संपती तर किती बरें झालें असतें! पिलें सोडण्याचें काम त्याच सुमारास थांबलें होतें. पण अरण्य तुटपुंजेंच होतें आणि मुंगसें, उंदीर व माकडेंही तेथेंच होतीं. कालांतरानें संख्या पुन्हां घटली, व २०१४ सालीं त्याच संघास तो पक्षी फिरून अधिक संकटाच्या वर्गांत घालावा लागला.

आमच्या शास्त्रकारांनीं कर्मांचे नित्य आणि नैमित्तिक असे भेद केले आहेत. संकट ओढवलें कीं धांवून जाणें हें नैमित्तिक; तें करणारे पुष्कळ भेटतात. परंतु मनुष्यानें जें आपल्या हातानें दुबळें केलें, त्याची राखण ही स्नानसंध्येप्रमाणें रोजची आहे. संख्या वाढली म्हणून तींत खंड पडतां कामा नये, एवढेंच या चिमुकल्या ससाण्यापासून आम्हीं शिकावें.